गुन्हा रद्द झाला, पण जमीन कोणाची ते ठरलेच नाही

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

जमिनीच्या वादातून दाखल झालेला फौजदारी गुन्हा उच्च न्यायालयाने रद्द केला, अशा बातम्या हल्ली वरचेवर वाचायला मिळतात. वाद दिवाणी स्वरूपाचा असून त्याला फौजदारी रंग दिला आहे, असे न्यायालय म्हणते आणि बहुतेक वेळा ते बरोबरच असते. पण ही बातमी गावात पोचेपर्यंत तिचा अर्थ पार बदलतो. ज्याच्यावरचा गुन्हा रद्द झाला त्याची माणसे पारावर सांगतात, ‘हायकोर्टानं जमीन आमची ठरवली.’ समोरचा सांगतो, ‘पैशाच्या जोरावर सुटला.’ दोघांचेही चूक असते. उच्च न्यायालयाने सातबाऱ्याला हातही लावलेला नसतो. जमीन कोणाची, बांध कुठे, ताबा कोणाचा, हे सगळे होते तिथेच असते. मग पुढच्या पेरणीला तेच दोघे त्याच बांधावर पुन्हा समोरासमोर येतात. अशी बातमी देताना दिवाणी दाव्याची स्थिती काय आहे, दावा आहे की नाहीच, एवढी एक ओळ तिच्यात घालावी, ही आपल्याला पहिली विनंती.

मी भूमि अभिलेख खात्यात भूकरमापक होतो. गावात आम्हाला मोजणीदार म्हणतात. सातारा जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या दुष्काळी भागात माझी बरीचशी नोकरी झाली. सुरुवातीला प्लेन टेबल आणि साखळी होती, शेवटी शेवटी ईटीएस हे इलेक्ट्रॉनिक मशीन आले, आता नवी मुले उपग्रहावर चालणारे रोव्हर घेऊन मोजतात. साधने बदलली, शेतातली भांडणे मात्र तीच राहिली. मी वकील नाही. पण मोजणीच्या दिवशी एका हातात नोटीस आणि दुसऱ्या हातात एफआयआरची प्रत घेऊन आलेली माणसे मी नोकरीभर पाहिली. एकदा कुतूहल लागले आणि निवृत्तीनंतर मी या विषयावरचे निकाल मिळवून वाचत बसलो. त्या वाचनातून आणि शेतातल्या अनुभवातून हे लिहितो आहे.

हे गुन्हे तयार कसे होतात ते आधी सांगतो. दोन चुलत भाऊ. आजोबांच्या काळी तोंडी वाटणी झालेली. थोरल्याकडे वरचा तुकडा, धाकट्याकडे विहिरीकडचा. सातबारा सामाईक. पोटहिस्स्याची, म्हणजे प्रत्येकाच्या वाटच्या तुकड्याची, मोजणी कधी झालीच नाही, त्यामुळे या दोन तुकड्यांमधली हद्द कुठल्याच सरकारी कागदावर नाही. आजोबा, मग वडील, असे दोन पिढ्यांनी शब्दावर निभावून नेले. तिसऱ्या पिढीत एकाने नवा ट्रॅक्टर घेतला आणि नांगरटीत बांध दोन हात सरकला. दुसऱ्याने थेट पोलीस ठाणे गाठले. फिर्यादीत आले, शेतात बेकायदा घुसले, ज्वारीचे नुकसान केले, कणसे चोरून नेली, शिवीगाळ केली, जिवे मारण्याची धमकी दिली. जुन्या भारतीय दंड संहितेची अनुक्रमे ४४७, ४२७, ३७९, ५०४ आणि ५०६ ही कलमे. गावोगावच्या लोकांना हे आकडे पाठ आहेत.

यातले खरे वजन ३७९ला होते. ४४७ जामीनपात्र, ४२७ तर अदखलपात्र, म्हणजे न्यायालयाच्या परवानगीशिवाय पोलिसांना तपास करता येत नाही असे. चोरीचे कलम दखलपात्र आणि अजामीनपात्र. ते लागले की माणूस अटकेच्या भीतीने घर सोडतो, पाहुण्यांकडे जाऊन राहतो, जामिनासाठी जिल्ह्याच्या ठिकाणी हेलपाटे घालतो. तो परत येईपर्यंत त्याच्या वाटच्या तुकड्यात दुसऱ्याची पेरणी उरकलेली असते. फिर्याद देणाऱ्याला हेच हवे असते. समोरच्याला शिक्षा व्हावी अशी त्याचीही अपेक्षा नसते. त्याला ताबा हवा असतो. दिवाणी न्यायालयात मनाईहुकूम मागायचा तर दावा दाखल करा, नकाशा जोडा, समोरच्याचे म्हणणे ऐका, इतके सोपस्कार आहेत. फिर्याद एका संध्याकाळी होते.

कणसे नेली म्हणजे चोरी झाली का? सामाईक सातबाऱ्यावर ज्याचे नाव आहे, जो ती जमीन आपलीच समजून पिढ्यान्‌पिढ्या कसतो, त्याने पीक कापले तर त्याच्या मनात लबाडी होती असे कसे म्हणायचे? हा प्रश्न नवा नाही. पश्चिम बंगालमधल्या एका तळ्यातल्या मासळीवरून असाच खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. त्याचा निकाल १९६५च्या निकालसंग्रहात आहे. हक्काचा खरोखरचा, प्रामाणिक दावा असेल तर घेतलेली वस्तू चोरी ठरत नाही, हे त्यात स्पष्ट सांगितले आहे. साठ वर्षे झाली. तरी आजही बांधाच्या भांडणात चोरीचे कलम लागतेच. १ जुलै २०२४पासून भारतीय न्याय संहिता आली, ३७९चे ३०३(२) झाले. वापर तोच आहे.

मला सर्वांत जास्त शिकवून गेला तो बिहारमधला, मोहम्मद इब्राहिम यांच्या प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा २००९चा निकाल. तिथे फिर्यादीचे म्हणणे असे होते, की जमीन माझी, आणि ज्याचा तिच्याशी संबंध नाही अशा माणसाने ती स्वतःची म्हणून तिसऱ्याला खरेदीखताने विकली. फसवणूक, बनावट दस्त, बनावट दस्ताचा वापर अशी कलमे लागली. सोबत मारहाण, अडवणूक आणि शिवीगाळही होती. न्यायालयाने पहिली तीन कलमे आणि शिवीगाळीचे कलम रद्द केले. पहिल्या तिन्हींबाबत कारण असे दिले, की दुसऱ्याच्या जमिनीवर खोटा हक्क सांगून स्वतःच्या सहीने खरेदीखत करणे आणि दुसऱ्याच्या नावाने खोटी सही करणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिल्यात दस्त बनावट ठरत नाही. आणि फसवणूक झालीच असेल तर ती पैसे मोजून जमीन घेणाऱ्याची झाली. त्याने तक्रार करावी. मूळ मालकाचा हक्क त्या खरेदीखताने जात नाही, त्याने दिवाणी न्यायालयात जावे. पण मारहाण आणि अडवणूक ही कलमे न्यायालयाने ठेवली. तो खटला चालू राहू दिला.

मला वाटते, पोलीस ठाण्यात बसून करायचे काम नेमके हेच आहे. मारहाण एका बाजूला आणि मालकी दुसऱ्या बाजूला. कुऱ्हाडीचा दांडा डोक्यात घातला असेल तर जमीन कोणाचीही असो, गुन्हा लगेच नोंदवा. बांध कोणाचा यावरच भांडण असेल तर पोलिसांनी त्यात शिरू नये. आपल्याकडे मात्र पहिल्या दिवशीच दोन्हींची सरमिसळ होते, आणि ती वेगळी करायला पक्षकाराला थेट उच्च न्यायालय गाठावे लागते.

पोलिसांचीही बाजू आहे आणि ती सांगायलाच हवी. ललिता कुमारी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०१३मध्ये सांगितले, की दखलपात्र गुन्ह्याची माहिती आली तर एफआयआर नोंदवलाच पाहिजे. अंमलदार म्हणतो, फिर्यादी चोरी झाली म्हणतोय, मी नोंद घेतली नाही तर माझ्यावरच बालंट. खरे आहे. पण त्याच निकालात, व्यापारी व्यवहाराचे वाद, कौटुंबिक वाद, तक्रारीला कारणाशिवाय फार उशीर झालेली प्रकरणे अशांमध्ये आधी प्राथमिक चौकशी करायला मुभा आहे, आणि ही यादी केवळ उदाहरणादाखल आहे, असेही म्हटले आहे. फौजदारी प्रक्रियेच्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(३)ने तर ही वाट कायद्यातच घातली. तीन वर्षे किंवा अधिक पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेचा गुन्हा असेल तर उपअधीक्षकांच्या परवानगीने चौदा दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते. पिकाच्या चोरीचे कलम तीन वर्षांपर्यंत शिक्षेचे, म्हणजे या चौकटीत बसते. विश्वासघाताचे पाच वर्षांचे, तेही बसते. फसवणुकीचे ३१८(४) मात्र सात वर्षांपर्यंतचे असल्याने बाहेर राहते. म्हणून ज्याला ही चौकशी चुकवायची आहे तो फिर्यादीत फसवणूक आणि बनावट दस्त घालतोच. फिर्याद लिहून देणारा तसा सल्लाही देतो.

चौदा दिवसांत काय करता येईल? तलाठ्याकडून सातबारा आणि वादाच्या नोंदीचा फेरफार मागवता येईल. भूमि अभिलेख कार्यालयाला एक पत्र देऊन, या गटाची मोजणी झाली आहे का, क-प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, दिली आहे का, हे विचारता येईल. तालुका न्यायालयात या दोघांमध्ये दावा चालू आहे का, मनाईहुकूम आहे का, ते तर आता संगणकावर दिसते. यातले काहीच न विचारता आरोपपत्र जाते, हे माझे दुःख आहे. एफआयआर नोंदवल्यानंतरही रस्ता बंद होत नाही. महाराष्ट्र पोलिसांत ए, बी आणि सी अशा तीन समऱ्या, म्हणजे आरोपपत्राऐवजी तपास बंद करण्याचे अहवाल, आहेत. बी म्हणजे फिर्याद जाणूनबुजून खोटी. सी म्हणजे खरी ना खोटी, गैरसमजातून आलेली किंवा दिवाणी स्वरूपाची. म्हणजे दिवाणी वादासाठी खात्याच्या नियमातच एक कप्पा आहे. तपास अधिकाऱ्याने सी समरी पाठवली तर पक्षकाराला मुंबई किंवा संभाजीनगरचे उच्च न्यायालय गाठायची वेळच येणार नाही. पण सी समरी पाठवली तर फिर्यादी वरिष्ठांकडे अर्ज करतो, आणि आरोपपत्र पाठवले तर कोणी विचारत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने हे वारंवार सांगितले आहे. हरयाणा सरकार विरुद्ध भजनलाल या १९९०च्या निकालात एफआयआर कोणत्या सात प्रकारच्या परिस्थितीत रद्द करता येतो ते मांडले. शेवटचा प्रकार सूडबुद्धीने केलेल्या फिर्यादीचा. सन २०००मध्ये सागर सुरी प्रकरणात म्हटले, की फौजदारी कारवाई हा इतर कायदेशीर उपायांना पर्याय असलेला आडमार्ग नव्हे. २००६मध्ये इंडियन ऑइलच्या प्रकरणात त्यामागचे कारणही नोंदवले. दिवाणी मार्ग वेळखाऊ आहे, त्याने आपले हित राखले जात नाही, अशी समजूत लोकांत पसरली आहे म्हणून ते इकडे वळतात. आणि अगदी अलीकडे, एप्रिल २०२५मध्ये, कानपूरमधल्या एका मालमत्तेच्या विक्रीच्या तोंडी बोलणीवरून झालेला गुन्हा रद्द करताना सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेश सरकारवर ५० हजार रुपयांचा खर्च बसवला. त्याच महिन्यात तत्कालीन सरन्यायाधीश संजीव खन्ना यांनी, दिवाणी वाद फौजदारी करण्याच्या तिथल्या प्रथेवर फार कडक शब्दांत नाराजी व्यक्त केली होती. पण माझ्या वाचनात असे आले, की हे निकाल ज्याच्यासाठी लिहिले गेले त्या ठाणे अंमलदारापर्यंत ते पोचतच नाहीत. त्याच्या टेबलावर मराठीत, एका पानावर, सही-शिक्क्याचे परिपत्रक हवे. जिल्हा पोलीस अधीक्षकांनी मनावर घेतले तर ते आठवड्याचे काम आहे.

आता दुसरी बाजू. जमिनीचा प्रत्येक गुन्हा खोटा असतो असे कोणी समजू नये, आणि मी तसे म्हणत नाही. मेलेल्या माणसाच्या जागी तोतया उभा करून दुय्यम निबंधकांपुढे खरेदीखत झाल्याचे माझ्या समोर आले आहे. मुंबईला कामाला गेलेल्या गिरणी कामगाराच्या नावाने खोटे कुलमुखत्यारपत्र करून त्याची जमीन विकलेली मी मोजायला गेलो आहे. त्याच्या म्हाताऱ्या बायकोला मोजणीच्या नोटिशीवरून पहिल्यांदा कळले, की आपली जमीन आता आपली नाही. तिथे फोटो खोटा, अंगठा खोटा, ओळखदार साक्षीदार भाड्याचा. हे दिवाणी नव्हे. हा उघड गुन्हा आहे आणि इथे ‘दिवाणी स्वरूप’ म्हणून ठाण्याने हात झटकले तर तो दुसरा अन्याय होतो. आपल्या महाराष्ट्रातूनच गेलेल्या निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर प्रकरणात १३ एप्रिल २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना बजावले, की तपास सुरुवातीलाच गुंडाळू नका, गुन्हा रद्द करण्याचा अधिकार क्वचित आणि जपून वापरा. ते मला पटते. दिवाणी दावा चालू आहे एवढ्यावरून फौजदारी खटला थांबत नाही, हेही न्यायालयाने वेगळ्या निकालांत सांगितले आहे. सही खरी आहे का खोटी, माणूस खरा उभा राहिला का तोतया, याची परीक्षा पोलीस आणि प्रयोगशाळाच करू शकतात. बांध दोन हात सरकला का याची परीक्षा त्यांना करता येत नाही. त्याला टिपण, म्हणजे जुन्या मोजणीची मूळ नोंद, लागते, गटाचा नकाशा लागतो, मोजणी लागते.

या दोन टोकांच्या मधे एक प्रकार आहे, त्याने मला नेहमी त्रास दिला. बाप वारतो, भाऊ तलाठ्याकडे वारसाचा अर्ज देतो, सोबत प्रतिज्ञापत्र, की मयतास आम्ही दोघे मुलगेच वारस. बहिणी दोन गावे पलीकडे दिलेल्या, जिवंत, रक्षाबंधनाला येऊन गेलेल्या. त्यांची नावे नाहीत. पुढे जमीन विकली जाते आणि मग बहीण फिर्याद देते. भावाचा वकील उच्च न्यायालयात म्हणतो, हा घरगुती वाटणीचा वाद, दिवाणी. बहिणीचा हिस्सा किती हे दिवाणी न्यायालयच ठरवेल, खरे आहे. हिंदू वारसा कायद्यातल्या २००५च्या दुरुस्तीने मुलीला जन्मतः समान हक्क दिला आणि २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या विनीता शर्मा निकालाने त्यातला घोळ मिटवला, तरी हिस्सा काढायला वाटणीचा दावाच लागतो. पण बहीण जिवंत आहे हे माहीत असून ‘इतर वारस नाहीत’ असे शपथेवर लिहिणे, हे मला घरगुती वाटत नाही. त्या एका वाक्यापुरती तरी फौजदारी जबाबदारी ठेवायला हवी, असे माझे ठाम मत आहे. वाटणी दिवाणीत जाऊ द्या, प्रतिज्ञापत्राचा हिशेब वेगळा करा.

उच्च न्यायालयात दाद मागणे म्हणजे काय, तेही शहरातल्या वाचकांना सांगायला हवे. गुन्हा रद्द करून मागायचा अर्ज जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२खाली, आता नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या ५२८खाली होतो. अर्ज एका पानाचा नसतो. एफआयआर, आरोपपत्र, फेरफार, सगळ्या कागदांची भाषांतरे, वकिलाची फी, मुक्काम. १८ ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले आणि सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतल्या लोकांची मुंबईची वारी वाचली, हे फार मोठे काम झाले. तरीही दोन एकर जिरायत असलेला माणूस तिथवर जाण्याआधी तडजोड करतो. तडजोड म्हणजे काय, तर बांध सोडून देतो आणि फिर्याद मागे घ्यायला लावतो. जे गुन्हे रद्द झाले ते बातमीत येतात. असे सुटलेले बांध कुठल्याच बातमीत येत नाहीत, पण मोजणीच्या वेळी मला ते नकाशावर दिसायचे. नोंद सांगते हद्द इथे, वहिवाट सांगते तिथे, आणि मधली पट्टी का सोडली म्हणून विचारले तर म्हातारा खाली बघून म्हणायचा, ‘केस झाली होती साहेब, पोराची नोकरी जायची वेळ आली होती.’ पोलीस भरतीला, सैन्यात, कुठेही चारित्र्य पडताळणीचा दाखला लागतो. तरुण मुलाचे नाव फिर्यादीत मुद्दाम घालतात ते याचसाठी. ज्याने बांधाला हातही लावला नाही, जो त्या दिवशी पुण्यात होता, त्याचे नाव पहिले असते.

यावर एक उपाय कायद्यात पडून आहे आणि तो फार थोडे लोक वापरतात. वाजवी कारण नसताना आरोप केला असे दंडाधिकाऱ्यांना दिसले तर ते फिर्यादीला नुकसानभरपाई द्यायला लावू शकतात. जुन्या संहितेत कलम २५०, नव्यात २७३. इंडियन ऑइलच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने, हा अधिकार खालच्या न्यायालयांनी अधिक वेळा वापरावा, असे सुचवले होते. त्याला आता जवळजवळ वीस वर्षे होतील. माझ्या माहितीतल्या एकाही बांधाच्या खटल्यात तो वापरलेला मी पाहिला नाही. निर्दोष सुटलेला माणूस इतका थकलेला असतो, की भरपाई मागायचेही त्राण नसते. त्याच्या वकिलाने ते मागायला हवे. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करायचा असतो. हे गावातल्या किती जणींना ठाऊक आहे?

आणि मूळ दुखणे महसूल आणि मोजणीच्या बाजूला आहे, हे माझ्या जुन्या खात्याबद्दलचे प्रेम मनात ठेवूनच लिहितो. जमिनीचा ताबा कोणी बळजबरीने घेतला तर सहा महिन्यांच्या आत दोन वाटा आहेत. एक, १९०६चा मामलेदार न्यायालय कायदा, कलम ५, तहसीलदारांपुढे. शेतरस्ता किंवा पाण्याची वाट अडवली तरी इथेच जाता येते. दुसरी, विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याचे कलम ६, दिवाणी न्यायालयात. तिथे मालकी सिद्ध करावीच लागत नाही, ताबा होता आणि बेकायदा काढला एवढेच दाखवायचे. दोन्हींची मुदत सहा महिने. आणि हे सहा महिने फौजदारीच्या मागे धावण्यात निघून जातात. पोलीस फिर्याद घेतली म्हणजे आपले काम झाले असे माणसाला वाटते. ठाण्याच्या भिंतीवर या दोन वाटांचा साधा मराठी फलक लावला तरी पुष्कळ लोक वाचतील.

सामाईक सातबाऱ्यांच्या वाटण्या जमीन महसूल संहितेच्या कलम ८५खाली तहसीलदार करू शकतात, पण सहधारकांत हक्काचा वाद नसेल तरच. म्हणून ही कामे भांडण लागायच्या आधी, म्हातारी माणसे हयात असताना उरकायला हवीत. वाटणी झाली की लगेच पोटहिस्स्याची मोजणी, नकाशा आणि दगड. दगड असला की ट्रॅक्टर सरकत नाही असे नाही, पण सरकला तर दोन्हीकडच्यांना किती सरकला हे बघता येते. मोजणी मान्य नसेल तर वरिष्ठांकडून निमताना, म्हणजे तपासणीची फेरमोजणी मागता येते, हेही लोकांना माहीत नसते; ते थेट मोजणीदाराशी भांडतात. मोजणीने मालकी ठरत नाही, हे मी प्रत्येक शेतात सांगत आलो. तिने हद्द दिसते. पण निम्मी भांडणे हद्द न दिसल्यामुळेच असतात.

जिथे एकाची जमीन दुसरा आणि दुसऱ्याची पहिला वर्षानुवर्षे कसतो आहे, तिथे राज्य शासनाने जानेवारी २०२३मध्ये सलोखा योजना आणली. निदान बारा वर्षांचा असा उलटसुलट ताबा असेल, तलाठी आणि मंडल अधिकाऱ्यांनी पंचनाम्यात तो पाहिला असेल, आणि दोघे राजी असतील, तर अदलाबदलीच्या दस्ताला मुद्रांक शुल्क एक हजार आणि नोंदणी फी एक हजार रुपये. गटवारीच्या, म्हणजे विखुरलेले तुकडे जोडून गट पाडण्याच्या, वेळी झालेल्या घोळांवर याच्याइतका स्वस्त आणि चांगला उपाय मी नोकरीत पाहिला नव्हता. पण ज्या दोघांत फौजदारी केस चालू आहे ते एका दस्तावर सही करायला येत नाहीत. गुन्ह्याने जमीन मिळत नाहीच, उलट मिटवायचा रस्ताही बंद होतो.

शेवटी एक मागणी उच्च न्यायालयाकडे आणि एक पोलिसांकडे. जमिनीच्या वादातला गुन्हा रद्द करताना, त्याच जमिनीचा दिवाणी दावा चालू असेल तर तो निकाली काढायला मुदत घालून द्यावी. काही आदेशांत तसे केलेलेही दिसते. ती रीत व्हावी. दावा नसेल तर दोन्ही पक्षांनी अमुक दिवसांत मोजणीचा अर्ज करावा, असे तरी आदेशात यावे. आणि पोलिसांना एवढेच सांगायचे आहे, की मोजणीच्या तारखेला बंदोबस्त द्या. अर्जदाराने त्याचे पैसे भरलेले असतात, लगतधारकांना नोटिसा गेलेल्या असतात, मोजणीदार मशीन घेऊन सकाळी शेतात पोचलेला असतो, आणि ठाण्यातून निरोप येतो, की आज मंत्र्यांचा दौरा आहे, माणसे नाहीत. मोजणी पुढे जाते. नवी तारीख कित्येक महिन्यांनी पडते. मधल्या काळात त्याच ठाण्यात त्याच बांधावरून दुसरी फिर्याद दाखल झालेली असते आणि तिच्या तपासाला मात्र अंमलदार मिळतो. मोजणीच्या दिवशी दोन अंमलदार दिवसभर शेतात उभे राहिले, तर पुढचे कैक दिवस तपासात आणि कोर्टाच्या तारखांना घालवण्याची त्यांना गरज पडणार नाही. जिल्हाधिकारी, पोलीस अधीक्षक आणि जिल्हा अधीक्षक भूमि अभिलेख यांनी महिन्यातून एकदा एकत्र बसून मोजणीच्या तारखा आणि बंदोबस्त एकाच कागदावर ठरवावेत. त्यासाठी नवा कायदा लागत नाही.

आपला,
एक निवृत्त भूकरमापक,
ता. खटाव, जि. सातारा